माणसांना मोकळं सोडणारा उजेड : छायालेखक मिरोस्लाव ओंद्रझीचेक

ज्यानं कधी कॅमेऱ्यासमोर काम केलेलं नाही अशा माणसाला सांगा, की दारातून आत ये, जमिनीवर चिकटवलेल्या पट्टीवर पाय ठेव, मान जराशी डावीकडे वळव आणि मग बोल. तो पट्टीवर बरोबर उभा राहील, पण त्याचं सगळं लक्ष पायांकडे असेल आणि बोलणं पाठ केलेल्या कवितेसारखं येईल. पट्टी काढून टाकली की बोलणं खरं होतं, पण माणूस फोकसमधून तरी निसटतो, नाहीतर अंधारात तरी जातो. १९६०च्या दशकात प्रागमधल्या काही तरुण दिग्दर्शकांना नेमकी अशीच माणसं सिनेमात हवी होती : कारखान्यातल्या मुली, अग्निशामक दलातले म्हातारे, गावातले वाजंत्री. त्यांना घेऊन सिनेमा करायचा, तर पट्टीची गरजच पडणार नाही असा उजेड पाडणारा छायालेखक हवा होता. तो त्यांना मिरोस्लाव ओंद्रझीचेकमध्ये मिळाला. पुढे त्यानं इंग्लंडमध्ये आणि अमेरिकेत मोठमोठे चित्रपट केले, मेणबत्त्यांच्या उजेडातलं अठरावं शतक उभं केलं. पण त्याचं काम समजून घ्यायचं तर सुरुवात त्या पट्टीपासूनच करावी लागते.

आडनावातलं 'र्झ' चेक लोक 'र' आणि 'झ' एकाच श्वासात, एकच अक्षर असल्यासारखं म्हणतात. आपल्याला ते जमायला वेळ लागतो, म्हणून लिहिताना 'ओंद्रझीचेक' एवढ्यावर भागवलं आहे.

पट्टी का लागते?

मोठ्या चित्रीकरणात कॅमेरा प्रत्यक्ष हाताळतो तो ऑपरेटर आणि फोकसचं चाक फिरवतो तो फोकस पुलर. दिवा कुठे, किती आणि कसा लावायचा, कोणती लेन्स, उजेड आत येण्यासाठी तिचं छिद्र किती उघडायचं, कोणती फिल्म, हे ठरवतो छायालेखक. त्याच्या या निर्णयांवर नट किती मोकळा राहणार हे अवलंबून असतं, आणि त्यामागचा हिशेब शाळेतल्या भौतिकशास्त्राइतका सोपा आहे.

दिव्यापासूनचं अंतर दुप्पट झालं की उजेड चौथाई होतो. समजा चेहऱ्यापासून २ मीटरवर दिवा आहे. नट बोलता बोलता ६० सेंटिमीटर दिव्याकडे सरकला, तर चेहऱ्यावरचा उजेड जवळजवळ दुप्पट होतो. कॅमेऱ्याच्या भाषेत हा पूर्ण एक स्टॉप. तो ८० सेंटिमीटर मागे गेला तर उजेड निम्मा. म्हणजे एका पावलाच्या हालचालीत चेहरा जळून पांढरा पडणार, नाहीतर काळवंडणार. अशा वेळी नटाला पट्टीवर खिळवून ठेवण्यावाचून गत्यंतर नसतं.

आता तोच दिवा ८ मीटर लांब न्या. नट ६० सेंटिमीटर पुढे आला तरी उजेडात फरक पडतो तो साधारण १७ टक्क्यांचा. डोळ्याला तो कळतही नाही. नट हवं तिथे फिरू शकतो, खुर्ची सरकवू शकतो, मध्येच उठून खिडकीशी जाऊ शकतो. याची किंमत मात्र जबर आहे. चौपट अंतरावरून तेवढाच उजेड हवा असेल, तर दिवा सोळापट ताकदीचा लागतो. म्हणून मोकळीक देणारी प्रकाशयोजना नेहमीच महाग पडते, आणि ती कमी पैशांत कशी करायची यातच छायालेखकाचं डोकं लागतं. खिडकीतून येणारा दिवसाचा उजेड फुकट मिळतो. पांढऱ्या छतावर किंवा भिंतीवर मारलेला दिवा छताएवढा मोठा होऊन परततो आणि खोलीभर सारखा पसरतो. चेहऱ्याचा विचार बाजूला ठेवून आधी खोली उजळायची आणि माणसांना त्या उजेडात वावरू द्यायचं, अशी ही सगळी रीत.

प्राग, बारांडोव्ह आणि एक छोटा कॅमेरा

ओंद्रझीचेकचा जन्म ४ नोव्हेंबर १९३४चा, प्रागमधला. शहराच्या दक्षिणेला टेकडीवर बारांडोव्ह स्टुडिओ आहे. १९३०च्या दशकात हावेल कुटुंबानं उभा केलेला हा स्टुडिओ (वाक्लाव हावेल हे पुढचे राष्ट्राध्यक्ष याच घरातले) युद्धानंतर सरकारी मालकीचा झाला. ओंद्रझीचेक तिथेच खालच्या पायऱ्यांपासून काम शिकत वर आला. या शिक्षणाचा फायदा पुढे स्पष्ट दिसतो. प्रयोगशाळेत निगेटिव्ह धुताना काय होतं, कमी उजेडात चित्रित केलेली सावली छापताना कशी राखाडी होते, हे ज्याला माहीत आहे तो सेटवर धीटपणे अंधार ठेवू शकतो.

त्या तरुण दिग्दर्शकांपैकी एक असलेल्या मिलोश फोरमनबरोबरचं त्याचं पहिलं महत्त्वाचं काम १९६३चं 'कोन्कुर्स', म्हणजे गायिकांची निवड चाचणी. प्रागच्या सेमाफोर नाट्यगृहात मुली एकामागून एक येऊन गातात, काहींना सूर सापडतो, बहुतेकींना नाही. कॅमेरा त्यांच्या चेहऱ्यांवरची आशा आणि घाबरलेपण टिपत राहतो. याची सुरुवात हौशी पद्धतीनं, १६ मिलिमीटरच्या छोट्या कॅमेऱ्यावर झाली होती. ३५ मिलिमीटरचा, स्वतःची घरघर बाहेर ऐकू न देणारा कॅमेरा हे तेव्हा अवजड धूड असे. छोट्या कॅमेऱ्यासमोर मुली कॅमेरा विसरून जात. हे एकदा कळल्यावर प्रश्न उरला तो हाच परिणाम मोठ्या कॅमेऱ्यावर कसा आणायचा याचा.

याच सुमारास, १९६४मध्ये, यान न्येमेत्सचा 'रात्रीचे हिरे' या अर्थाच्या नावाचा चित्रपट आला. त्याचा मुख्य छायालेखक यारोस्लाव कुचेरा. पळणाऱ्या दोन मुलांचा हातातल्या कॅमेऱ्यानं पाठलाग करण्याच्या कामात ओंद्रझीचेक होता. सुरुवातीचा तो चढावरचा दीर्घ शॉट आजही श्वास रोखून बघावा लागतो.

लांब लेन्सचा फायदा आणि तिची शिक्षा

फोरमनचा 'लव्ह्ज ऑफ अ ब्लाँड' १९६५चा, कृष्णधवल. तो ज्या गावात चित्रित झाला ते झ्रुच हे साझावा नदीकाठचं चपला-बुटांच्या कारखान्याचं गाव. गावात मुलीच मुली, पुरुष जवळजवळ नाहीत. म्हणून कारखान्याचा अधिकारी लष्कराकडून सैनिकांची तुकडी मागवतो आणि येतात ते संसारी, पोट सुटलेले राखीव सैनिक. नृत्याच्या हॉलमधला प्रसंग लांबलचक आहे. तीन सैनिक एका टेबलावर, तीन मुली दुसऱ्यावर, वेटर बाटली भलत्याच टेबलावर नेतो. नटांमध्ये व्यावसायिक थोडे, बाकीची साधी माणसं. फोरमन अशा लोकांच्या हाती संहिता देत नसे. प्रसंग तोंडी समजावून सांगायचा आणि माणसाला त्याच्या शब्दांत बोलू द्यायचं.

अशा ठिकाणी कॅमेरा जवळ नेला की संपलंच. म्हणून तो लांब ठेवायचा आणि लांब पल्ल्याची लेन्स लावायची. पाच मीटरवरच्या माणसाला कॅमेरा आपल्याकडे बघतोय की शेजारच्याकडे, हे नीट कळत नाही. थोड्या वेळानं तो विचारही सोडून देतो.

शिक्षा फोकसची. ३५ मिलिमीटर फिल्मवर २५ मिलिमीटरची रुंद लेन्स, छिद्र एफ २.८ (हा आकडा जितका लहान, तितकं छिद्र जास्त उघडं), अंतर ५ मीटर असं घेतलं, तर साधारण सव्वातीन मीटरपासून सव्वाअकरा मीटरपर्यंत सगळं स्पष्ट दिसतं. त्याच जागेवरून १०० मिलिमीटरची लेन्स लावली की स्पष्ट पट्टा उरतो जेमतेम ३५ सेंटिमीटरचा. माणूस खुर्चीत मागे रेलला तरी फोकसबाहेर गेला. छिद्र एफ ५.६पर्यंत बंद केलं तर पट्टा दुप्पट, म्हणजे ७० सेंटिमीटर होतो, पण मग उजेड चौपट लागतो. चौपट उजेड म्हणजे जास्त दिवे, दिवे म्हणजे उष्णता आणि डोळ्यांवर झगमगाट, आणि झगमगाट आला की साधी माणसं पुन्हा अवघडून बसतात. या ओढाताणीत कुठे थांबायचं हे ठरवणं ही या चित्रपटातली खरी कारागिरी आहे. कृष्णधवल फिल्मनं इथे हात दिला. तेव्हाच्या वेगवान कृष्णधवल निगेटिव्हची संवेदनशीलता २०० ते २५० एएसए होती (आकडा जितका मोठा, तितका कमी उजेड पुरतो), तर सर्रास वापरली जाणारी ईस्टमन रंगीत निगेटिव्ह ५० एएसएची. म्हणजे रंगीतला चौपट-पाचपट उजेड हवा.

म्हणूनच दोन वर्षांनी आलेल्या 'द फायरमेन्स बॉल'कडे तंत्राच्या नजरेनं बघितलं की थक्क व्हायला होतं. फोरमनचा हा पहिला रंगीत चित्रपट. व्हर्ख्लाबी या डोंगराळ गावातला हॉल, पडद्यावर खरेखुरे अग्निशामक, जवळजवळ सगळा चित्रपट एकाच रात्रीच्या गोंधळाचा. ५० एएसए फिल्मला एफ २.८वर साधारण २००० लक्स (उजेड मोजायचं एकक) उजेड लागतो. चांगलं उजळलेलं कार्यालय ५०० लक्सचं असतं, यावरून अंदाज यावा. सबंध हॉल एवढा उजळायचा आणि तरीही तो गावातला साधा, दिव्यांच्या माळा लावलेला हॉल वाटला पाहिजे. बक्षिसांच्या टेबलावरून वस्तू चोरीला जात राहतात, म्हातारे वाद घालत राहतात, आणि कुणाच्याही अंगावर 'नटावरचा' दिवा जाणवत नाही.

त्याच काळात ओंद्रझीचेकनं दिग्दर्शक इव्हान पासरसाठीही काम केलं. त्या १९६५च्या चित्रपटाच्या नावाचा अर्थच 'जिव्हाळ्याचा उजेड' असा होतो.

रंगीत चित्रपटात कृष्णधवल तुकडे कसे आले

ब्रिटिश दिग्दर्शक लिंडसे अँडरसननं प्रागला येऊन फोरमनच्या चित्रीकरणात ओंद्रझीचेकचं काम पाहिलं आणि त्याला इंग्लंडला बोलावलं. आधी 'द व्हाइट बस' हा छोटा चित्रपट झाला. तो कृष्णधवल आहे आणि मध्येच काही क्षण रंगीत होतो. मग १९६८चा 'इफ'. इंग्लंडमधल्या निवासी शाळेत मुलांनी केलेलं बंड असा विषय, चित्रीकरण बरंचसं अँडरसनच्या स्वतःच्या शाळेत, चेल्टनमला.

'इफ' रंगीत आहे, पण त्यात मधूनमधून अख्खे प्रसंग कृष्णधवल येतात. त्यावर प्रतीकांचे पुष्कळ अर्थ लावले गेले आहेत. मूळ कारण शाळेचं प्रार्थनामंदिर आहे. उंच, रंगीत काचांच्या प्रचंड खिडक्या आणि आत भव्य अंधार. हाताशी असलेल्या पैशांत आणि दिव्यांत इथल्या रंगांचा सारखेपणा राखण्याची हमी देता येणार नाही, असं ओंद्रझीचेकनं दिग्दर्शकाला सांगितलं.

यातली अडचण नीट समजून घेण्यासारखी आहे. पडद्यावर चार मिनिटांचा प्रसंग चित्रित करायला अख्खा दिवस लागतो. सकाळी खिडकीतून थेट ऊन येतं, त्याचं रंगतापमान, म्हणजे उजेडाच्या रंगाचं माप, ५६०० केल्विनच्या आसपास; आकडा वाढला की उजेड निळा, उतरला की पिवळा. ढग आला की ते ७००० केल्विनच्या वर, म्हणजे निळसर. संध्याकाळी तेच पिवळं-तांबूस. रंगीत निगेटिव्ह हे सगळं इमानेइतबारे नोंदवते, आणि शॉट एकमेकांना जोडले की एकाच मुलाचा चेहरा एका कटमध्ये निळा, पुढच्यात पिवळा दिसतो. प्रयोगशाळेत संपूर्ण चौकट निळी-पिवळी करता येते, पण खिडकी निळी आणि आतल्या दिव्याखालचा चेहरा नारिंगी असेल तर एक सुधारताना दुसरं बिघडतं. खरा उपाय म्हणजे खिडक्यांबाहेर परांच्या बांधून मोठे दिवे चढवायचे आणि सूर्याला रजा द्यायची. त्याला दिवस आणि पैसे लागतात. कृष्णधवल फिल्मला उजेडाचा रंग दिसतच नाही, फक्त कमीजास्तपणा दिसतो, आणि तो छिद्र बदलून सांभाळता येतो. शिवाय वेग जास्त, म्हणजे दिवे कमी.

अँडरसनला पोत आवडला. प्रार्थनामंदिर एकटंच वेगळं दिसलं तर तो दोष वाटेल, म्हणून त्यानं इतरही काही प्रसंग कृष्णधवल केले. छायालेखकानं प्रामाणिकपणे 'हे जमणार नाही' म्हटलं आणि त्यातून चित्रपटाला त्याची सगळ्यात लक्षात राहणारी खूण मिळाली. 'इफ'ला १९६९मध्ये कान महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं. या चित्रपटाचा कॅमेरा ऑपरेटर होता ख्रिस मेंजेस. हे नाव लक्षात असू द्या.

१९६८ आणि नंतर

ऑगस्ट १९६८मध्ये सोव्हिएत रणगाडे प्रागमध्ये शिरले आणि तरुण चेक दिग्दर्शकांची ती लाट मोडली. फोरमन पुढे अमेरिकेत स्थायिक झाला. ओंद्रझीचेकनं घर प्रागमध्येच ठेवलं आणि परदेशातल्या कामांसाठी तो जात-येत राहिला. त्या काळी असं जाणं-येणं सरकारी परवानगीवर चालत असे, हे ध्यानात घेतलं की त्याच्या चित्रपटांची यादी वेगळी दिसू लागते.

१९७१चा 'टेकिंग ऑफ' हा फोरमनचा पहिला अमेरिकी चित्रपट, आणि त्यात पुन्हा गाण्याची चाचणी देणाऱ्या मुली! १९७२च्या 'स्लॉटरहाउस-फाइव्ह'मध्ये काम उलट्या दिशेनं झालं : अमेरिकी चित्रपट प्रागला आला. दुसऱ्या महायुद्धातलं ड्रेस्डेन दाखवायचं होतं. ड्रेस्डेनचं जुनं शहर फेब्रुवारी १९४५च्या बाँबहल्ल्यात जळून गेलं होतं, प्राग मात्र उभं होतं. पुढे 'हेअर' (१९७९), 'रॅगटाइम' (१९८१), मेरिल स्ट्रीपचा 'सिल्कवुड' (१९८३). 'रॅगटाइम'साठी ऑस्करचं पहिलं नामांकन मिळालं.

'अमाडेयस' : मेणबत्तीचा हिशेब

फोरमननं मोझार्ट आणि सालिएरी या दोन संगीतकारांची गोष्ट प्रागमध्ये चित्रित करायचं ठरवलं, कारण अठराव्या शतकातलं व्हिएन्ना तिथे गल्लोगल्ली शिल्लक होतं. १९८३मध्ये काम झालं. सर्वांत अवघड जागा म्हणजे तेव्हा टिल नाट्यगृह म्हणून ओळखलं जाणारं इस्टेट्स थिएटर. मोझार्टच्या 'डॉन जिओवानी' या ऑपेराचा पहिला प्रयोग २९ ऑक्टोबर १७८७ रोजी याच रंगमंचावर झाला होता, स्वतः मोझार्टच्या संचालनाखाली. आतलं काम लाकडी, दोनशे वर्षांचं. आणि त्यात खऱ्या पेटत्या मेणबत्त्यांची झुंबरं लावायची होती. आगीचा धोका एवढा, की अग्निशामक दलाचे जवान जुन्या काळचे पोशाख घालून प्रेक्षकांत मिसळलेले होते.

आता हिशेब. एक मेणबत्ती १ मीटरवर साधारण १ लक्स उजेड देते. १०० एएसए फिल्मला, सेकंदाला २४ चौकटींच्या वेगानं, एफ २.८वर साधारण १००० लक्स लागतात. वेगवान ४०० एएसए फिल्म आणि एफ १.४ची लेन्स घेतली, तरी साठेक लक्स हवेतच. म्हणजे चेहऱ्यापासून मीटरभरावर साठ मेणबत्त्या. 'अमाडेयस'ची चौकट रुंद आहे, तिला ॲनामॉर्फिक, म्हणजे रुंद चित्र दोन्ही बाजूंनी दाबून फिल्मवर बसवणाऱ्या, लेन्स लागतात. त्या काळच्या अशा लेन्सचं छिद्र पूर्ण उघडलं की कडा मऊ पडतात, म्हणून छायालेखक एफ ४च्या आसपास काम करणं पसंत करत. एफ ४ला एफ २.८च्या दुप्पट उजेड लागतो. नाट्यगृहभर मेणबत्त्या लावल्या, तरी नुसत्या त्यांच्यावर हे भागणारं नाही.

मग अशा वेळी करतात काय? मेणबत्ती चौकटीत दिसते ती स्वतः चमकण्यासाठी. माणसांवरचा उजेड दुसरीकडून येतो, पण मेणबत्तीच्या बाजूनंच. झुंबर दिसत असेल तर त्याच्या वर, चौकटीबाहेर, मऊ केलेला मोठा उजेड टांगायचा. भिंतीवर दिवली असेल तर त्याच भिंतीकडून चेहऱ्यावर उजेड यायचा. रंग जुळला पाहिजे : मेणबत्ती साधारण १९०० केल्विन, स्टुडिओचा टंगस्टन दिवा ३२०० केल्विन. दिव्यावर काहीच लावलं नाही तर तो मेणबत्तीशेजारी पांढरा पडतो आणि फसवणूक उघडी होते. पूर्ण १९००पर्यंत उतरवला तर चेहरे शेंदरासारखे लाल. म्हणून हलका नारिंगी जिलेटिन कागद लावून मधल्या जागी थांबायचं. प्रमाणही महत्त्वाचं : चेहऱ्यावरचा उजेड इतका वाढला की ज्योत फिकी, कागदी दिसू लागली, तर तो कमी करायचा. ज्योत चेहऱ्यापेक्षा निदान दोन-तीन स्टॉप उजळ राहिली पाहिजे.

बिघडणाऱ्या गोष्टी पुष्कळ. टेक चालू असताना मेणबत्त्या झिजतात, त्यामुळे जोडलेल्या दोन शॉटमध्ये त्यांची उंची बदलते. एकसारख्या उंचीवर कापलेले संच तयार ठेवावे लागतात. वर गरम हवा साचते आणि झुंबराच्या वरच्या ओळीतल्या मेणबत्त्या वाकू लागतात. दोन-तीन वातींच्या मेणबत्त्या जास्त उजेड देतात, पण भराभर जळतात आणि धूर करतात. लाकडी सभागृहात धुराचा थर चढला की दूरच्या रांगा फिकट दिसतात. त्यात सगळ्यांच्या डोक्यावर पांढरे टोप. पांढरं कापड गोऱ्या त्वचेपेक्षा साधारण सव्वा स्टॉप उजळ येतं, त्यामुळे चेहरा बरोबर उजळला की टोप जळतो. उजेड वरून न टाकता बाजूनं, डोळ्यांच्या उंचीच्या जवळून टाकला की ही अडचण बरीच कमी होते.

चित्रपटाला सांगाडा देणारा प्रसंग मात्र एका साध्या खोलीत आहे. वेड्यांच्या इस्पितळात म्हातारा सालिएरी धर्मगुरूला आपली कहाणी सांगतो. ही खोली बारांडोव्हमध्ये बांधलेली होती. कहाणी सुरू होते दिवसाच्या उजेडात, मग रात्र पडते, आणि संपते तेव्हा खिडकीत सकाळ असते. प्रत्येक वेळी परत आलो की आपल्याला न सांगता वेळ कळते. इथे आणखी एक अडचण होती, रंगभूषेची. एफ. मरे अब्राहमच्या चेहऱ्यावर वार्धक्याचे फोम रबराचे तुकडे चिकटवलेले होते. खऱ्या त्वचेत उजेड थोडा आत शिरून परततो, रबरात तसा शिरत नाही. कडक उजेड बाजूनं पडला की तुकड्याची कड उघडी पडते, आणि अगदी समोरून सपाट पडला की सगळा चेहरा मेणाचा वाटतो. मधला मार्ग म्हणजे मोठ्या खिडकीचा मऊ उजेड. सुरकुत्या दिसाव्यात, सांधा दिसू नये.

आणि मग मृत्युशय्येवरचा मोझार्ट सालिएरीला 'रेक्विएम'चे, म्हणजे मृतांसाठीच्या प्रार्थनासंगीताचे, सूर सांगतो तो प्रसंग. दोघांवर एकाच वेळी दोन कॅमेरे लावलेले होते, म्हणजे एकाच्या बोलण्यावर दुसऱ्याची उमटलेली प्रतिक्रिया त्याच क्षणाची मिळावी. मोझार्ट झालेला टॉम हल्स मुद्दाम काही वाक्यं गाळत असे. समोरचा सालिएरी खरोखरच गोंधळून मागे पडत असे. एका कॅमेऱ्यावर असं पकडणं अशक्य होतं, कारण उलट्या बाजूचा शॉट दोन तासांनी घेतला की गोंधळ अभिनयाचा होतो.

दोन कॅमेरे म्हणायला सोपे आहेत. एका चेहऱ्यावरचा मुख्य दिवा दुसऱ्याच्या पाठीमागून येतो, एका कॅमेऱ्याची सावली दुसऱ्याच्या चौकटीत पडते, दिव्याचा स्टँड लपवायला जागाच उरत नाही. दोन्ही चेहरे एकाच टेकमध्ये बरोबर दिसायचे असतील तर उजेड अशा बाजूनं आणावा लागतो जी दोन्ही कॅमेऱ्यांना चालेल, आणि त्या खोलीत त्यासाठी सबब असावी लागते : पलंगाजवळची मेणबत्ती. हा प्रसंग बघताना झ्रुचच्या हॉलमधले ते तीन सैनिक आठवतात. सेमाफोरपासून वीस वर्षं झाली होती, पण काम तेच होतं.

'अमाडेयस'ला आठ ऑस्कर मिळाली, छायालेखनाचं मात्र नाही. ते 'द किलिंग फील्ड्स'साठी ख्रिस मेंजेसला गेलं. 'इफ'चा तोच कॅमेरा ऑपरेटर! ब्रिटिश अकादमीचा छायालेखनाचा पुरस्कार ओंद्रझीचेकला मिळाला. आमच्या मते त्या वर्षी दोघंही पात्र होते, पण नाट्यगृहातली ती झुंबरं बघताना मन ओंद्रझीचेककडेच झुकतं.

नंतर 'वाल्मों' (१९८९) हा फोरमनबरोबरचा त्याचा शेवटचा चित्रपट, दिग्दर्शिका पेनी मार्शलसाठी 'अवेकनिंग्ज' (१९९०) आणि बेसबॉलवरचा 'अ लीग ऑफ देअर ओन' (१९९२). टोपीच्या छज्जाखाली डोळे काळे पडतात ही भर उन्हातल्या चित्रीकरणाची जुनी डोकेदुखी. खालून पांढरा परावर्तक धरून ती सोडवायची आणि तरी ऊन ऊनच वाटलं पाहिजे. २००४मध्ये अमेरिकन छायालेखकांच्या संस्थेनं त्याला आंतरराष्ट्रीय सन्मान दिला. दक्षिण बोहेमियातल्या पीसेक गावची फिल्म अकादमी त्याच्या नावानं आहे. २८ मार्च २०१५ रोजी, ८० वर्षांचा असताना, तो प्रागमध्ये गेला.

हे स्वतः करून बघायचं असेल तर

फोनचा कॅमेराही चालेल, फक्त उजेड आणि फोकस हातानं ठरवता येणारं ॲप घ्या. संवेदनशीलता ८००, शटर एक पन्नासांश सेकंद, रंगतापमान ३२०० केल्विनवर पक्कं करा. स्वयंचलित ठेवलं तर फोन दर सेकंदाला उजेड 'सुधारत' राहतो आणि काहीच कळत नाही.

रात्री एका टेबलावर दोन माणसं समोरासमोर बसवा, मध्ये एक मेणबत्ती. बाकी सगळे दिवे बंद. चेहरे अर्धवट दिसतील, ज्योत पांढरी जळालेली असेल आणि मागची भिंत काळीकुट्ट. आता ४ फूट बाय ४ फुटांचा थर्माकोल (आपल्याकडे सेटवर हाच परावर्तक सर्रास वापरतात) टेबलापासून २ मीटरवर, कॅमेऱ्याच्या उलट्या बाजूला उभा करा आणि त्यावर ६० वॅटचा पिवळा बल्ब मारा. बल्ब थेट माणसांकडे नसावा, नुसता थर्माकोलवर. चेहऱ्यांना एका बाजूनं मऊ उजेड येईल आणि तो मेणबत्तीचाच वाटेल. फार पांढरा वाटला तर थर्माकोलवर फिकट पिवळं सुती कापड टाका. फार उजळ झाला तर बल्ब मागे न्या. त्याला झाकण्यापेक्षा अंतर वाढवणं बरं, उजेड पसरतो आणि सारखा होतो.

मग दोघांना सांगा, खुर्च्या सरकवा, उठा, बसा, हवं ते बोला. चेहरा कुठे काळा पडतो ते बघा. तिथे दुसरा दिवा आणू नका. थर्माकोल अर्धा मीटर मागे घ्या, बल्ब मोठा करा आणि पुन्हा तेच करायला सांगा. दोघं खोलीत फिरून येईपर्यंत चेहरा कुठेच हरवला नाही, तर त्या जागी थर्माकोल सोडा आणि फोन खोलीच्या दुसऱ्या टोकाला नेऊन झूम करा.